मालक खेळत आहेत

१

शनिवारी चष्म्याचं दुकान दुपारी दोनला बंद व्हायचं. वहिनी घरी आल्या की आधी चपला भिंतीशी सरळ लावत, मग नवऱ्याचा जुना फोन चार्जिंगला लावत, आणि मगच स्वतःच्या तोंडावर पाणी मारत. नवरा जाऊन वर्ष होत आलं होतं. त्या फोनवर आता कुणाचा फोन येत नव्हता. पण बॅटरी पार मेली तर परत उठत नाही, असं दुकानात डोळे तपासणाऱ्या बाई एकदा बोलून गेल्या होत्या आणि वहिनींनी ते मनाला लावून घेतलं होतं.

त्या शनिवारी फोन लावून त्या वळल्या, तोच मागच्या खोलीतून दिराची हाक आली.

"वहिनी! दादाचा फोन चालू आहे का?"

"आहे की. का हो भाऊजी?"

"त्यावर एक नंबर येईल, पाच आकडी. तेवढा वाचून दाखवा ना."

मागची खोली पूर्वी नवऱ्याची होती. तो गेल्यावर महिन्याभरात दीर तिथं राहायला आला, कारण इंटरनेट त्या खोलीत जोरात चालतं म्हणे. सकाळभर तो तिथंच बसून कुठल्याशा कंपनीच्या गिऱ्हाइकांच्या तक्रारी मिटवायचा, सगळं टाइप करून, तोंडातून चकार शब्द न काढता. काम संपलं की त्याच खुर्चीत, त्याच कॉम्प्युटरवर गेम. माणूस वाईट नव्हता दिसायला. गॅस संपला तर सिलिंडर आत आणून देणारा.

वहिनी फोन घेऊन गेल्या तेव्हा तो उजवं पाऊल चोळत बसला होता.

"माझे गेम जाताहेत," तो म्हणाला. "सोमवारी गेमच्या लायब्ररीत दोनशे बारा होते. आत्ता एकशे नव्वद."

"जाताहेत म्हणजे? पाय फुटले का त्यांना?"

"हसा तुम्ही. फिल्टर काढून बघितला. लपवलेल्या यादीत बघितलं. हार्ड डिस्क बघितली. बाहेर पडून परत आत आलो. काही म्हणजे काही नाही. आता परत आत घेताना नंबर मागतोय."

फोन थरथरला. वहिनींनी नंबर वाचला, त्यानं टाइप केला, पडद्यावर चित्रांच्या रांगा उघडल्या. त्यानं कोपऱ्यातला आकडा पाहिला आणि तोंड वाकडं केलं. "एकशे एकोणनव्वद. बोलता बोलता अजून एक गेला."

वहिनी स्वयंपाकघरात गेल्या, चहाचं पाणी ठेवलं, आणि साखरेच्या डब्यावर हात तसाच राहिला.

गेमचं अकाउंट नवऱ्याचं होतं. ते तर कंपनीनं बंद केलं होतं ना? सगळेच्या सगळे गेम एका दिवसात गेले होते, नवरा जिवंत असताना. तसं सांगणारा दीरच होता.

त्या परत दारात आल्या. "नंबर ह्यांच्या फोनवर कसा काय येतो, भाऊजी?"

"जुनी सोय आहे ती," तो मान न वळवता म्हणाला. "बदलायची राहिली."

कशाची सोय, ते तो बोलला नाही. त्यांनीही विचारलं नाही. चष्म्याच्या दुकानात अकरा वर्षं काढल्यावर एक गोष्ट अंगात मुरलेली असते. गिऱ्हाईक डोळ्यांनी न बघता पाठ केलेली अक्षरं म्हणायला लागलं, की त्याला टोकायचं नाही. गुपचूप तक्ता बदलायचा.

२

नवऱ्याचा आजार स्नायूंचा होता. आधी पाय गेले, मग डावा हात, मग मान. शेवटी उजव्या हाताची दोन बोटं राहिली, आणि ती माउसवर असायची. चौदा वर्षांत एकेक करून जमवलेले दोनशे बारा गेम, हाच त्याचा फिरण्याचा रस्ता होता. पळायचे, गाड्यांचे, चेंडूचे गेम त्यानं स्वतःच बाजूला काढले. पाय गेले त्या आठवड्यात. "हे लपवलेल्यांत टाक," तो म्हणायचा आणि वहिनी त्याच्या सांगण्यावरून बटण दाबायच्या. डावा हात गेला तेव्हा दोन्ही हातांनी खेळायचे सगळे गेले. गेम तसे तिथंच असायचे, फक्त रोज डोळ्यांपुढे नकोत.

शेवटी त्याच्याकडे एकच राहिला, घर बांधायचा. त्यात एका बोटानं भिंत उभी करता यायची. तो वहिनींसाठी घर बांधत होता. "बघू तरी," म्हटलं तर बोटानं चित्र मिटवायचा. "अर्धवट नाही दाखवायचं. पुरं झालं की हाताला धरून फिरवतो."

"हाताला धरून," त्या म्हणायच्या. "आधी चमचा धरा."

आणि दोघं हसायची. हो, हसायची. आजारी माणसाच्या खोलीतही हसू असतं.

दीर तेव्हा पुढच्या खोलीत, भावाच्याच लायब्ररीतून खेळायचा. घरातल्या माणसाला तशी मुभा असते. फक्त एका वेळी एकानंच खेळायचं. मालकानं गेम उघडला की दुसऱ्याच्या पडद्यावर सूचना येते, मालक खेळत आहेत, पाच मिनिटांत आवरा. मग पुढच्या खोलीतून आरडाओरडा. "दादा, आत्ताच लागतं का तुला? जिंकत होतो मी!" नवरा म्हणायचा, "राजे रागावले," आणि कधी कधी बिचारा स्वतःच बंद करायचा.

मग एका दुपारी लायब्ररी उघडेना. दीर येऊन खटपट करून गेला आणि म्हणाला, कंपनीनं अकाउंट बंद केलंय, काही तरी नियमाचं असेल.

नवऱ्याला ते पटलं नाही. सात आठवडे तो शोधत होता. वहिनींनी त्याच्या तोंडून ऐकून कंपनीला सहा पत्रं टाइप केली. एकाचंही उत्तर आलं नाही. आठव्या आठवड्यात तो गेला. घर तसंच राहिलं. कसं होतं, किती खोल्यांचं होतं, काही कळलं नाही. नवऱ्याच्या मागं बाईला अनेक गोष्टींचं वाईट वाटतं. वहिनींना सगळ्यात जास्त ह्याचं वाटायचं, आणि हे कुणाला सांगायची सोय नव्हती. लोक म्हणाले असते, गेममधल्या घराचं काय एवढं.

३

रविवारी दुपारी त्या मुद्दाम चहा घेऊन मागच्या खोलीत गेल्या आणि दाराशी रेंगाळल्या.

आकडा एकशे बत्तीस होता.

"कुणीतरी हॅक केलंय," दीर म्हणाला. "आणि चोर तरी कसला, निवडून निवडून नेतोय. आधी गाड्यांचे सगळे नेले. मग फुटबॉलचे. आता मारामारीचे चाललेत."

वहिनींनी कपबशी टेबलावर ठेवली. हा क्रम त्यांना तोंडपाठ होता. त्यांच्याच बोटांनी तो लागला होता.

"लपवलेल्यांत आहेत का बघा."

"सांगितलं ना, ती यादी रिकामी आहे."

तेवढ्यात पडद्याच्या कोपऱ्यात एक छोटी चौकट वर आली. दिरानं वाचली, वहिनींनीही वाचली. त्यांची लांबची नजर अजून चांगली होती. *या संग्रहाचे मालक आता खेळत आहेत. तुमच्याकडे पाच मिनिटं आहेत.*

दिरानं चौकट मिटवली. आणि वहिनींना पंप ऐकू आला.

आजारी माणसाच्या पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून हवेची गादी असते. तिचा पंप दिवसरात्र चालतो. घुर्र, मग थांबतो, मग सुस्कारा सोडल्यासारखी हवा सुटते, मग परत घुर्र. ती गादी, तो पंप, दोन्ही कधीच परत देऊन झाले होते. वहिनींनी स्वतः सही केली होती.

फ्रिज असेल, त्यांनी मनाशी म्हटलं. त्या स्वयंपाकघरात गेल्या, फ्रिजचं बटण बंद केलं आणि कान देऊन उभ्या राहिल्या.

घुर्र. मग सुस्कारा.

"भाऊजी, काही ऐकू येतंय का?"

"कॉम्प्युटरचा पंखा आहे, वहिनी," आतून आवाज आला. पण तोही लगेच म्हणाला नाही. थोडं थांबून म्हणाला.

४

सोमवारी दुकानात गर्दी नव्हती. डोळे तपासणाऱ्या बाई डबा उघडून बसल्या होत्या.

"नसलेला आवाज ऐकू येतो का हो माणसाला?" वहिनींनी विचारलं.

"मी डोळ्यांची. कानांची दोन दुकानं सोडून बसते," बाई म्हणाल्या. मग चेहरा पाहून जरा मऊ झाल्या. "एकटीलाच येतो का दुसऱ्या कुणालाही?"

"दुसऱ्यालाही. पण तो नाही म्हणतो."

"मग नसलेला कसा? असलेलाच झाला."

वहिनींनी पर्समधून नवऱ्याचा फोन काढला. हल्ली त्या तो जवळ ठेवत होत्या. पडद्यावर गेमच्या कंपनीचं ॲप उघडं होतं. त्यांनी उघडलं नव्हतं. त्याचा पासवर्ड त्यांना कधी माहीतच नव्हता. वर नवऱ्याचा फोटो, फोटोशेजारी हिरवा ठिपका, खाली "तक्रारी" असं लिहिलेलं, आणि पुढं सहाचा आकडा.

त्यांनी दाबलं. त्यांचीच सहा पत्रं होती. पहिल्यात त्यांची टाइप करतानाची चूकसुद्धा तशीच. *माझे सर्व गेम दिसत नाहीत. मी अंथरुणाला खिळलेलो आहे. त्यात माझं एक घर अर्धं राहिलं आहे, ते तरी परत मिळावं ही विनंती.*

खाली कंपनीचं उत्तर होतं. दुसऱ्या दिवशी लगेच आलेलं. आम्हाला वाईट वाटतं, आपले गेम शाबूत आहेत, कुणीतरी आपला पासवर्ड आणि ईमेल बदललेला दिसतो, आपण मालक असल्याची खात्री द्या, आम्ही सर्व परत करू.

आणि त्याखाली, अर्ध्या तासाच्या आत, बदललेल्या ईमेलवरून गेलेलं उत्तर. *गेम सापडले. तक्रार बंद करावी. तुमच्या बहुमोल सहकार्याबद्दल मनःपूर्वक आभार.*

सहाही पत्रांखाली तेच. तेच शेवटचं वाक्य. हे वाक्य दीर दिवसातून शंभरदा टाइप करायचा. जेवताना चेष्टेनं म्हणायचासुद्धा, भाजी वाढली की. तुमच्या बहुमोल सहकार्याबद्दल मनःपूर्वक आभार, वहिनी.

सहाव्या पत्राची तारीख नवरा जायच्या आदल्या दिवसाची होती.

वहिनी आतल्या खोलीत गेल्या, मशीन सुरू केलं आणि एका गिऱ्हाइकाची काच घासायला घेतली. घासत राहिल्या. बाई आत आल्या तेव्हा काच कागदासारखी पातळ झाली होती आणि वहिनी तरी घासतच होत्या. अकरा वर्षांत पहिली काच वाया गेली.

५

त्या भांडल्या नाहीत. घरी गेल्या, चपला लावल्या, फोन लावला, तोंडावर पाणी मारलं.

मंगळवारी आकडा अठ्ठ्याहत्तर होता, आणि दीर भिंतीला धरून न्हाणीघरात गेला. "नस दबलीय. दिवसभर बसून होतं असं." बुधवारी एकेचाळीस. त्याच्या डाव्या हातातून कप निसटला. त्यानं हाताकडे असं पाहिलं की जणू तो हात दुसऱ्या कुणीतरी तिथं ठेवून गेलंय.

"डॉक्टरांना दाखवा," वहिनी फरशी पुसत म्हणाल्या.

"पुढच्या आठवड्यात बघतो. आधी हे अकाउंटचं मिटू दे. डोक्याला ताप झालाय नुसता."

एक वाक्य पुरलं असतं. ज्याचं आहे त्याला परत करा भाऊजी, त्या खुर्चीतून उठा, असं. ते वाक्य वहिनींच्या जिभेवर येऊन बसायचं. दाराशी पोचेपर्यंत त्यांना ते सहावं पत्र आठवायचं. त्या दिवशी नवऱ्याला शब्द नीट फुटत नव्हते. "घर" हा शब्द लिहून घ्यायला त्यांना त्याच्या ओठांना कान लावावा लागला होता. मग त्या वाक्य गिळून टाकायच्या आणि मस्त झोप लागायची. खरंच लागायची. वर्षभरात लागली नव्हती अशी.

पंप आता दिवसभर चालायचा. फ्रिज तपासायचं त्यांनी सोडून दिलं होतं. उलट कणीक मळताना हात त्याच्या तालावर पडायचे.

शुक्रवारी संध्याकाळी दिरानं हाक मारून विचारलं, "वहिनी, दादाला पहिल्यांदा काय झालं होतं हो? म्हणजे सुरुवात कशानं?"

"आता आठवत नाही," वहिनी म्हणाल्या.

६

शनिवारी दुपारी दुकानातून येऊन त्यांनी फोन चार्जिंगला लावला, आणि हातात असतानाच तो थरथरला.

*कुणीतरी तुमच्या खात्यात येऊ पाहत आहे. हे तुम्हीच आहात का?* खाली दोन बटणं, हो आणि नाही. वर यंत्राचं नाव होतं, पलंग.

त्यांनी नाव पुन्हा वाचलं. नवऱ्याचा लॅपटॉप होता, छातीवर टेकवून वापरायचा. त्याला त्यानं पलंग असं नाव दिलं होतं, कारण आपला सगळा कारभार पलंगावरून चालतो म्हणे. तो लॅपटॉप दिरानं भंगारवाल्याला दिला होता. भंगारवाल्यानं अंगणातच त्याचे स्क्रू काढून, पडदा वेगळा करून पोत्यात भरला होता. वहिनी खिडकीतून बघत होत्या.

चूक असेल. जुनी माहिती कुठंतरी अडकून राहिली असेल. यंत्रं अशी चुकतात. डोळे चुकतात, यंत्रं का नाही चुकणार?

"वहिनी!" आतून आवाज आला. नेहमीचा नव्हता. "फोनवर काही आलं असेल तर 'नाही'वर दाबा! 'नाही'!"

त्या फोन घेऊन दारात गेल्या. दीर खुर्चीत एका बाजूला कलला होता. डावा हात मांडीवरून घसरून लोंबत होता. पडद्यावरच्या रांगा रिकाम्या झाल्या होत्या. एकच चित्र उरलं होतं, घर बांधायच्या गेमचं.

"मला उठता येत नाहीये," तो म्हणाला. "नाही दाबा आधी, मग डॉक्टरांना फोन करा."

"सहाही वेळा आभार मानलेत तुम्ही," वहिनी म्हणाल्या. "मनःपूर्वक."

त्याला कळायला वेळ लागला नाही. मग तो एकदम धाकट्या पोरासारखा बोलायला लागला. "तो दर वेळी मला बाहेर काढायचा, वहिनी. डाव रंगात आला की काढायचा. मला तरी दुसरं काय होतं? दिवसभर लोकांच्या शिव्या खायच्या आणि ही एवढीच करमणूक. आणि त्याचं काय… त्याचं तसंही आता काय राहिलं होतं?"

"एक घर राहिलं होतं," वहिनी म्हणाल्या.

"वहिनी, नाही दाबा. पाया पडतो."

"कसे पडणार?" त्या म्हणाल्या, आणि 'हो' दाबलं.

७

पंप थांबला. इतक्या दिवसांनी थांबला की कान दुखले.

पडद्यावर घर आपोआप उघडलं. दिराचा हात माउसवर होता, पण हलत नव्हता. दोन बोटं तेवढी थरथरत होती. बाण मात्र पडद्यावर संथ, सवयीनं फिरत होता.

पुढचं दार होतं. दाराशी भिंतीला लावलेल्या बायकी चपला. आत स्वयंपाकघर, आणि ओटा वहिनींच्या उंचीचा. खऱ्या घरात त्या जन्मभर टाचा उंचावून भांडी काढत आल्या होत्या. इथं सगळ्या फळ्या हाताशी होत्या. खिडकी पूर्वेला. वहिनींनी तोंडावर हात ठेवला.

चित्र पुढं सरकत होतं, कुणाच्या तरी मागोमाग. कोण, ते दिसत नव्हतं. प्रत्येक वळणावर आधीच कुणीतरी वळून गेलेलं असायचं. एकदा फक्त सदऱ्याची कड दिसली, निळ्या रेघांची, आणि एक टाच, जमिनीवर घट्ट टेकलेली, चालणाऱ्या माणसाची.

डाव्या हाताला एक खोली आली. दार अर्धं लोटलेलं. आत पलंग, पलंगावर कुणीतरी भिंतीकडे तोंड करून पडलेलं. वहिनींना पायच तेवढे दिसले. राखाडी मोजे, एकाला अंगठ्याशी भोक. त्यांनी खाली पाहिलं नाही. खुर्चीतल्या माणसाच्या पायांत कुठले मोजे आहेत ते बघायची त्यांना गरज वाटली नाही.

चित्र त्या खोलीशी थांबलं नाही. पुढं गेलं. पुढं जिना होता, रुंद, लाकडी, दोन माणसं शेजारी शेजारी चढतील असा.

"वहिनी," दीर म्हणाला. शब्द चिकटत होते. मान छातीवर आली होती. "मान… उशी द्या ना. श्वास…"

हे सगळं त्यांना येत होतं. मानेखाली उशी कशी सरकवायची, दर दोन तासांनी कूस कशी वळवायची, ओठांना कान लावून शब्द कसा ओळखायचा. ह्या घरात ते करणारं दुसरं कुणी नव्हतं, आणि आता पुढं बरेच महिने त्यांनाच करायचं होतं. शेजारच्या पलंगावर उशी होती, हात लांबवला तर मिळेल अशी.

जिन्याच्या दुसऱ्या पायरीवर कुणीतरी थांबलं होतं. कठड्यावर फक्त हात दिसत होता, मागं केलेला, धरायला दिलेला.

वहिनींनी स्टूल ओढलं, पडद्यासमोर ठेवलं, पदर सावरून बसल्या.

"थांबा जरा, भाऊजी," त्या म्हणाल्या. "वरचा मजला बघायचा राहिलाय."